अर्ज निकाली, वाट तशीच

आई, कोर्टातल्या पट्टेवाल्याचा तो पुकारा अजून माझ्या कानात आहे. व्हरांड्याच्या टोकाला उभा राहून तो तुझं नाव घ्यायचा, बाबांच्या नावासकट, आडनावासकट, आणि शेवटचं अक्षर असं लांबवायचा की आमचे मराठीचे गुरुजी कवितेची ओळ संपवताना लांबवायचे तेच आठवावं. कौलांवरची कबुतरं उडायची. पहिल्या तारखेला तर तू उठलीसच नाहीस. मांडीवर पिशवी घेऊन बाकावर बसून राहिलीस, कारण ते नाव तुझं आहे हे तुझ्या ध्यानातच आलं नाही. घरात तू आई, शेजारपाजारी वहिनी, फूलबाजारात मळेवाली बाई. अख्खं नाव घेऊन तुला तोवर कुणी हाक मारलीच नव्हती. वकिलांनी खुणावलं तेव्हा तू पदर सावरलास आणि खणखणीत "ओ" दिलीस. व्हरांडा हसला. वकील दबक्या आवाजात म्हणाले, बाई, इथं ओ द्यायची नसते, हजर म्हणायचं असतं. तू म्हणालीस, "हाक मारली का ओ द्यायची असती. हजर काय म्हणायचं, समोर तर उभी हाय मी."

काल तुझा अर्ज निकाली निघाला. मंजूर झाला नाही आणि नामंजूरही झाला नाही. आता त्यात काही उरलेलं नाही, म्हणून कोर्टाने तो मिटवला. अर्ज तुझा होता, तेव्हा त्याचं काय झालं हे तुला कळायला हवं, एवढ्यासाठी लिहायला बसलो आहे. दुपार आहे. मुलगा आणि सूनबाई कामावर गेलेत. मी स्वयंपाकघरात मागच्या दाराशी स्टूल ओढून बसलोय. घर नवं बांधलं तेव्हा हे दार होतं तिथंच ठेवायचा हट्ट मी धरला होता. मिस्त्री विचारायचा, दार ठेवतो हो काका, पण ते उघडून जायचं कुठं? मी म्हणायचो, तू दार बसव, जायचं काय ते आम्ही बघू.

जायचं कुठं हे आता ठाऊक असलेली माणसं फार उरली नाहीत. या दारातून निघालं की काकांच्या मळ्यातून सरळ नदीकडच्या रस्त्याला लागता यायचं आणि तिथून फूलबाजार. मळा दोन भावांत वाटला गेला, बाबा लवकर गेले, पण वाट दोन्ही घरांचीच राहिली. तू पहाटे गुलाब तोडायचीस, पाटीत ओलं फडकं टाकायचीस, डोक्यावर चुंबळ ठेवून पाटी चढवायचीस आणि या दारातून उजाडायच्या आत दिसेनाशी व्हायचीस. मग एका थंडीत आपल्या तोडणीच्या बायकांचे पाय काकांच्या कोवळ्या मेथीत पडले. शब्दाने शब्द वाढला. दुसऱ्या दिवशी पहाटे तू पाटी घेऊन निघालीस, तर वाटेवर बाभळीची फांदी आडवी टाकलेली. एकच फांदी. माझ्यासारख्या शाळकरी पोराने एका हाताने ओढून बाजूला केली असती. तू ती नुसती बघितलीस, पाटी खाली न उतरवता वळलीस, आणि कालव्याच्या कडेने लांबचा वळसा घेऊन बाजारात गेलीस. त्या दिवशी फुलं उतरली होती, माना टाकलेली. आल्यावर भाकरी करताना परातीचा आवाज नेहमीपेक्षा मोठा येत होता.

मग हद्दीचा दावा झाला. त्या दाव्याच्या पोटात तुझा हा छोटा अर्ज होता: दाव्याचा निकाल लागेपर्यंत दीराने वाट अडवू नये, असं कोर्टाने सांगावं. एवढंच मागणं. आणि इथंच तू ते केलंस जे आपल्या मळ्यातल्या माणसांखेरीज कुणी केलं नसतं. अर्ज दिल्या दिवसापासून तू त्या वाटेवर पाऊल ठेवलं नाहीस.

विहीर सामाईक होती, आणि पाण्याच्या पाळीचा एकच कायदा होता. दुसऱ्याच्या पाळीत पाणी हवं असेल तर बांधावर उभं राहून हाक मारून विचारायचं, आणि एकदा विचारलं की पलीकडून "घ्या" असं येईपर्यंत पाटाला हात लावायचा नाही. न विचारता घेतलं तर भांडण व्हायचं आणि मिटायचं. पण विचारून, उत्तर यायच्या आत घेतलं, तर ती चोरी, आणि ती पिढ्यान् पिढ्या सांगितली जायची. तू कोर्टालाही तोच बांध समजलीस. वकिलांना हे कळलं तेव्हा त्यांनी कपाळाला हात लावला. अहो बाई, तुम्हाला जायला मनाई कुणी केलीय, फांदी उचला आणि चालू लागा, अर्ज आहे तो त्यांनी अडवू नये म्हणून. तू त्यांना म्हणालीस, "इचारलंय ना आपण? मंग उत्तर येईस्तोवर पाय नाय टाकायचा." पुन्हा कालव्याची कड, पुन्हा तो वळसा. पाऊस, चिखल, मानेचं दुखणं, सगळं त्याच वळशाने.

गंमत अशी की काकाही त्याच विहिरीचं पाणी प्यालेले. त्यांनी कोर्टात आपलं म्हणणं दिलं होतं, म्हणजे त्यांच्या लेखी त्यांनीही विचारलं होतं. तेव्हा त्यांनीही त्या पट्ट्यात नांगर घातला नाही, मेथी पेरली नाही, दुसरी फांदीसुद्धा टाकली नाही. पहिली वाळली, तिला वाळवी लागली, तिची माती झाली. वाट मात्र बंदच. दोन मळ्यांच्या मध्ये एक पट्टा, कुणाच्याच पायाखाली न येणारा. त्यात तरवड उगवला, घाणेरी आली, रुई आली, मुनियांनी घरटी केली. मी या दाराच्या पायरीवर बसून त्या पट्ट्याकडे तोंड करून कविता पाठ करायचो. शाळेच्या पुस्तकातल्या, चालीवर. नदीच्या, पाखरांच्या, माहेराला निघालेल्या मुलींच्या. तू आत भाकऱ्या थापायचीस. मी एखादी ओळ गाळली की तुझी थाप थांबायची. "मधलं कायतरी खाल्लंस तू," आतून यायचं. तुला अक्षर येत नव्हतं, पण चाल अडखळली की कळायचं.

एकदा वाऱ्याने ते पुस्तकच उडालं आणि पट्ट्याच्या मधोमध जाऊन पडलं. मी धावलो, तर तू दंडाला धरून असं मागे ओढलंस की बाहीची शिवण उसवली. पुस्तक गेलं तर नवं आणू, म्हणालीस, पण तिकडं जायचं नाही. मी रडायला लागलो. पलीकडे काकू उभी होती. तिने पेरू तोडायची आकडी आणली, त्यांच्या बाजूच्या बांधावर आडवी होऊन पुस्तक ओढून घेतलं, धूळ झटकली आणि आपल्याकडे भिरकावलं. पाय तिनेही टाकला नाही. तुम्ही दोघींनी एकमेकींकडे पाहिलं आणि दोघींनीही पदर तोंडाला लावला. हसत होतात की काय, हे मला आजवर कळलेलं नाही.

तुम्ही दोघी एकाच गावच्या, येवल्याकडच्या. परकरात असल्यापासून एकमेकींना ओळखणाऱ्या. तू आधी इथे आलीस, मग दीरासाठी तूच तिचं नाव सुचवलंस, हे मला आत्याने सांगितलं. लग्नात तुझं नाव बदललं. चारचौघांत काकू तुला जाऊबाई म्हणायची, पण मळ्यात दोघीच असलात की माहेरचं नाव घेऊन हाक मारायची. फांदी पडली आणि ती हाकही थांबली. त्या नावाने तुला मी कधी कुणाकडून ऐकलं नाही नंतर.

तारखा पडत राहिल्या. कधी आम्ही पुढची मागितली, कधी त्यांनी. मी ओझरच्या कारखान्यात लागलो. कानस चालवता चालवता कविता म्हणायचो, म्हणून माझ्या टेबलावरची मंडळी मला कवी म्हणायची, आणि तारखेची रजा मागितली की विचारायची, काय कवी, आज कोर्टात कोणता चरण? तू गेलीस तेव्हा काकू आली होती. आत आली नाही. पुढच्या फाटकाशी पदर घेऊन उभी राहिली आणि सगळं आटोपेपर्यंत हलली नाही. नंतर वकिलांनी मला तुझा वारस म्हणून लावलं. काकाही गेले, तिकडे चुलतभाऊ लागला. पुकाऱ्यात मात्र तुझं नाव राहिलं. आधी "मयत", मग तू, मग तुझ्यातर्फे मी. मी "हजर" म्हणायचो. मला ओ द्यावीशी वाटायची, पण मी शिकलेला ना.

मूळ दावा मिटवला तो आम्ही म्हाताऱ्यांनी नव्हे, आमच्या पोरांनी. दोन्हीकडची पोरं फोनवर बोलली, मोजणी झाली, हद्द ठरली. पट्ट्याची जमीन चुलतभावाकडे गेली. मी सही केली, मोजणी खरी होती. त्यांना तिथं इमारत बांधायची आहे, आपल्याकडून काही अडचण नाही. काल तडजोड कोर्टापुढे गेली. न्यायाधीश मॅडम तरुण आहेत, माझ्या सुनेच्या वयाच्या. त्यांनी तडजोड वाचली, दोघांना विचारलं, मान्य आहे ना, आणि शेवटी सवयीच्या सुरात सांगितलं की दावा निकाली, आणि त्यातले प्रलंबित अर्ज असल्यास तेही निकाली.

मी उभा राहिलो. आपली आताची वकीलबाई माझी बाही ओढत होती, काका, बसा ना, सगळं आपल्या मनासारखं झालंय. पण मला बसायचं नव्हतं. मी म्हटलं, "मॅडम, असल्यास नाही. आहे. माझ्या आईचा आहे."

मागून चुलतभावाचा आवाज आला, दादाला कविता सुचली. दोनचार जण हसले. मॅडम हसल्या नाहीत. त्यांनी फाईल उलटी चाळत नेली, पार तळाशी, आणि तुझा अर्ज काढला. कागद पिवळा पडलाय, तुझा अंगठा मात्र अजून ठळक आहे. मग त्या मला एकेक विचारत गेल्या. फुलं लावता का अजून? नाही, परसात चार झाडं आहेत तेवढीच. बाजारात जाता? नाही. घराला दुसरा रस्ता? आहे, पुढून, डांबरी, थेट गंगापूर रोडला निघतो. आणि अर्जदार? मी म्हटलं, त्या नाहीत. मग आजोबा, म्हणाल्या, यात आता मागायचं काय राहिलं?

मी म्हटलं, तिने एक विचारलं होतं. त्याचं उत्तर हवंय. हो तर हो, नाही तर नाही. त्या उत्तरासाठी ती जन्मभर वळसा घालून चालली.

मॅडमनी तुझा अर्ज मोठ्याने वाचला, आई. सबंध. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा. सूर्य वर येण्याआधी फुले बाजारात न पोचल्यास ती कोणाच्याही उपयोगी राहत नाहीत, या वाक्याशी त्या थांबल्या आणि माझ्याकडे बघितलं. त्या अर्जाचंही तेच झालं होतं, हे त्यांच्या आणि माझ्या एकदमच लक्षात आलं असावं. मग त्यांनी सावकाश, मला समजेल असं सांगितलं. "अर्ज चुकीचा होता असं मी लिहीत नाही. वाट त्यांची होती की नव्हती, त्यातही मी जात नाही. ज्या कामासाठी त्यांनी मागितलं ते कामच राहिलं नाही, म्हणून तो निकाली. अशा वेळी कोर्ट उत्तर देत नसतं, आजोबा." मी विचारलं, मग विचारणाऱ्याने काय करायचं? त्या लेखनिकाकडे वळून म्हणाल्या, या अर्जावर वेगळा आदेश लिहा. नुसतं असल्यास नको. तेवढं मी मिळवलं तुझ्यासाठी. थोडं आहे, पण आहे.

बाहेर चहाच्या टपरीवर चुलतभाऊ माझ्या शेजारी येऊन उभा राहिला. कितीतरी वर्षांनी. झालं का दादा समाधान, म्हणाला, पण टोचून नाही. मग म्हणाला, उद्या सकाळी ठेकेदार येतोय, पट्ट्याच्या कडेने भिंत घेतोय, आधी सांगितलेलं बरं. मी काकूची चौकशी केली. तो म्हणाला, "आई ठणठणीत आहे. मी गोळी घेतली का नाही ते मला आठवत नाही, तिला मात्र त्या मेथीपासून सगळं आठवतं. तारीख असली का संध्याकाळी विचारतीच, काय झालं म्हणून." मी म्हटलं, मग आज सांग तिला, अर्ज वाचला म्हणून. सगळ्यांसमोर, मोठ्याने. चहाचे पैसे त्याने मला देऊ दिले नाहीत.

तर आता असं आहे. पट्ट्यापलीकडे सकाळपासून ट्रकमधून विटा उतरताहेत. उद्या भिंत येईल, आणि मग ही वाट होती हे सांगायला गवतसुद्धा उरणार नाही. भिंत उभी राहायच्या आत या वाटेने एकदा चालत जायचं, डोक्यावर पाटी घेऊन, नदीच्या रस्त्यापर्यंत, हे मी कालच ठरवलं. तुझी चुंबळ माझ्याकडे आहे, जुन्या लुगड्याची, तू मला शाळेच्या दप्तराखाली डोक्यावर ठेवायला वळून दिली होतीस ती. आज सकाळी परसातले गुलाब काढले, पाटीत ओलं फडकं घातलं. मुलगा म्हणाला, बाबा, पुढून डांबरी रस्ता आहे, त्या काट्याकुट्यात साप असतील. सूनबाई म्हणाली, जाऊ दे रे त्यांना, फक्त बाबा, गुडघ्याला ते बांधायचं बांधून जा, आणि चुंबळ तुम्हाला टोपीपेक्षा शोभते. दोघं कामाला गेले. मी पाटी उचलली, कडी काढली, दार उघडलं. आणि पाय उचलेना.

कुणी म्हणेल, आता कोर्ट संपलं, जा की. पण उत्तर कुठं आलंय? आपण विचारलं आणि पलीकडून "घ्या" आलं नाही, आणि तरी मी घेतलं, तर तुझा तो सगळा वळसा फुकट जाईल. पाटी खाली ठेवली. फुलांवर पुन्हा पाणी शिंपडलं. तेव्हापासून विचार करतोय, आणि लिहिता लिहिता एक गोष्ट मला लख्ख कळली आहे. कोर्टाने तुझ्या प्रश्नाचं उत्तर दिलं नाही, म्हणजे प्रश्न आपल्याला परत केला. परत केला म्हणजे तो पुन्हा आपला झाला. मग तो जिथं विचारायचा असतो तिथंच विचारतो. हा कागद संपला की मी बांधावर जाऊन उभा राहणार, पाण्याची पाळी मागावी तशी पलीकडे हाक मारणार, ज्याला ऐकू जाईल त्याला जाईल, विटा उतरवणाऱ्यांना हसायचं तर हसू दे. उत्तर येईपर्यंत उभा राहणार. भिंतीचा पहिला थर पडेपर्यंत माझ्याकडे वेळ आहे, आणि वाट बघण्यात मी तुझा मुलगा आहे. नाही म्हणाले तर नाही. पण विचारल्याशिवाय भिंत होऊ द्यायची नाही, हे पक्कं.

हे पत्र टाकणार कुठं, हा प्रश्न आहेच. पाकीट काढून ठेवलंय, त्यावर नाव घालायला हात जात नाही. आणि नावाचं निघालंच आहे तर एक सांगून टाकतो. मुलगा मला नेहमी म्हणायचा, बाबा, त्या वाटेची आता गरज नाही, फुलं नाहीत, मग तारखेला जाताच कशाला? मी त्याला तत्त्व सांगायचो, हक्क सांगायचो. खरं तेवढं सांगितलं नाही. मी पुकारा ऐकायला जायचो. तू गेल्यावर साऱ्या नाशकात ती एकच जागा होती जिथं तुझं नाव कुणीतरी मोठ्याने घ्यायचं. काल पट्टेवाल्याने ते शेवटचं घेतलं, आणि मला वाटलं, संपलं, आता या नावाने

आई, थांब. मागचं दार वाजतंय. पुढचं नव्हे, हे, माझ्या हाताशी असलेलं. सकाळी नुसतं लोटून घेतलं होतं, कडी घातली नव्हती, तरी कुणी ढकलत नाही, नुसती थाप मारून थांबतंय. पायरीवर काठी टेकवल्याचा आवाज आला. फटीतून पांढऱ्या लुगड्याचा काठ दिसतो, त्याला कुसळं चिकटलीत, तरवडाची पिवळी फुलं अडकलीत. या दाराशी पुढून कुणी येऊ शकत नाही. धाप लागलेला, कापरा, बायकी आवाज आहे, आणि तो तुझं नाव घेतोय. कोर्टाचं नाही. माहेरचं.

"दार उघड गं," म्हणतेय. "वाटंनं आले मी."

हजर नाही म्हणालो, आई. ओ दिली.